वॉचमनला आवरा!

गेल्या रविवारची गोष्ट. रात्रीचे साडेअकरा वाजलेले. घरची मंडळी झोपलेली आणि मी एकटाच एज ऑफ एम्पायर्सचा डाव मांडून बसलेलो. (हो, वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी. १९९९ मध्ये त्याचा दुसरा भाग आला तेव्हा मी कॉलेजात होतो. सवय गेली नाही, आता जाईल असं वाटतही नाही.) दीड तास खपून सैन्य उभं केलं होतं. शत्रूच्या किल्ल्यासमोर दगडफेकी यंत्रं लावली, पहिला दगड सुटला.. आणि पडद्यावरून किल्ला गायब. समोर डेस्कटॉप. उजव्या कोपऱ्यात एक लाल-पिवळी चौकट. मनात आलं, मेलो, व्हायरस आला. बघतो तर, "तुमच्या संरक्षणाचे फक्त १३ दिवस उरले आहेत. आजच नूतनीकरण करा, ४० टक्के सवलत मिळवा."

ती चौकट बंद करायची फुली मुंगीएवढी. ती शोधून, दाबून, "नक्की असुरक्षित राहायचंय का?" या प्रश्नाला हो म्हणून परत गेममध्ये आलो तोवर घोडेस्वारांनी माझी यंत्रं मोडून टाकली होती.

तुम्ही म्हणाल, एवढ्यातेवढ्यावरून काय लिहायचं? गेमच तर होता. मलाही तसंच वाटलं असतं. पण त्याच आठवड्यात आणखी एक प्रकार झाला होता, आणि त्यानंतर ही चौकट बघून डोकंच फिरलं. तो प्रकार सांगतोच, पण आधी थोडं मुळापासून.

मी काही संगणकतज्ज्ञ नाही. आयुष्य हिशेबाच्या वह्यांत गेलं. पण नातेवाईकांत "काँप्युटरमधलं त्याला कळतं" अशी एकदा ख्याती झाली की सुटका नसते. लग्नाला गेलं तरी कोणीतरी लॅपटॉप घेऊन येतं. या वीसेक वर्षांच्या फुकट सेवेत सगळ्यात जास्त वेळा ऐकलेली तक्रार एकच: गेम चालत नाही, अडकतो, मधेच बंद पडतो. आणि दहातल्या तीन-चार वेळा तरी कारण निघतं अँटीव्हायरस.

तो करतो काय नेमकं? आपल्या सोसायटीचा वॉचमन आठवा. येणाऱ्या प्रत्येकाला थांबवायचं, वहीत नाव लिहून घ्यायचं, कुठल्या फ्लॅटमध्ये जायचंय ते विचारायचं आणि मग आत सोडायचं. अँटीव्हायरसचं तेच. कुठलाही प्रोग्राम कुठलीही फाईल उघडायला गेला की हा मधे उभा. फाईल तपासणार, आपल्याकडच्या गुन्हेगारांच्या यादीशी ताडून बघणार आणि मग हात बाजूला करणार. तुम्ही दिवसातून चार एक्सेलच्या फायली उघडता तेव्हा हे कळतही नाही. पण गेम सुरू होताना शेकडो, कधी हजारो फायली उघडतो.. चित्रं, आवाज, नकाशे. एखाद्या गेमला हौशी लोकांनी केलेले बदल जोडलेले असतील, ज्याला पोरं मॉड म्हणतात, तर विचारूच नका. म्हणजे लग्नाचं अख्खं वऱ्हाड फाटकाशी आलंय आणि वॉचमन एकेकाचं नाव लिहून घेतोय. त्यात जुनी फिरती हार्डडिस्क असेल तर हे वऱ्हाड तासभर उन्हात. एसएसडी असेल तर बराच फरक पडतो, हे मान्य करायला हवं.

शहाणा वॉचमन काल आलेल्याला आज ओळखतो. अँटीव्हायरसही तपासलेल्या फाईलची नोंद ठेवतो आणि ती बदललेली नसेल तर पुन्हा हात लावत नाही. पण गुन्हेगारांची नवी यादी आली की बरेच अँटीव्हायरस जुन्या नोंदी रद्द समजतात आणि सगळी तपासणी पहिल्यापासून. काल सुरळीत चालणारा गेम आज का रखडतो, याचं उत्तर पुष्कळदा इथे असतं. आणि ज्या गेममध्ये जग सतत डिस्कवर लिहिलं जातं, उदाहरणार्थ माइनक्राफ्ट, तिथे हा वॉचमन दर मिनिटाला दार वाजवतो.

खरं बोलायचं तर आजच्या बऱ्यापैकी मशीनवर गेमचा सरासरी वेग यानं फारसा कमी होत नाही. पोरं इंटरनेटवर सांगतात तसं "अँटीव्हायरस काढला आणि वेग दुप्पट झाला" वगैरे काही नसतं. त्रास होतो तो गेम सुरू व्हायला लागणाऱ्या वेळात, आणि मधेच बसणाऱ्या हिसक्यांत. पण गेम खेळणाऱ्याला तो एक हिसकाच मारतो. सचिनला तुम्ही सरासरी शांतता दिलीत आणि नेमका चेंडू सुटताना साइटस्क्रीनसमोरून एक माणूस चालत गेला, तर सरासरीचं काय लोणचं घालायचंय?

यावर कंपन्यांचं उत्तर म्हणजे "गेमिंग मोड". काय ते नाव, काय तो निळा-जांभळा प्रकाश! माझ्या अँटीव्हायरसच्या खोक्यावरही हे मोठ्या अक्षरांत छापलेलं आहे. मी वापरून बघितला, माहितीपुस्तिकाही वाचली. हा मोड बहुतेक वेळा एवढंच करतो की चौकटी दाखवत नाही, आणि ठरलेली तपासणी नि अद्ययावतीकरण पुढे ढकलतो. फाटकावरची वही तशीच चालू. म्हणजे वॉचमन तुम्हाला त्रास देणार नाही म्हणजे काय, तर शिट्टी वाजवणार नाही. बरं, शिट्टी तरी थांबावी? आमच्याकडे धोक्याच्या सूचना थांबल्या, पण "१३ दिवस उरले" ही चौकट गेमिंग मोड चालू असतानाही आली. ती म्हणे सूचना नाही, "महत्त्वाचा संदेश" आहे. पैशाचा संदेश महत्त्वाचा आणि धोक्याचा बिनमहत्त्वाचा, हे त्यांनी स्वतःच कबूल केलं ते बरं झालं.

असो. हा झाला माझा त्रास, आणि तो किरकोळ आहे. आता तो दुसरा प्रकार.

माझा भाचा इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. बोलायला कमी, पण हाताला गुण आहे. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत सांगलीला आमच्या आईबाबांकडे राहायला होता. तेव्हा बाबांनी त्याला विटीदांडू कसा खेळायचे ते सांगितलं. गल कशी खणायची, कोलायचं कसं, आणि वकट, लेंड, मूंड, नाल अशी मोजदाद कशी करायची. पोराच्या डोक्यात ते बसलं. पायथनमध्ये त्यानं चार महिने खपून एक छोटा गेम केला, विटीदांडूचा. मैदान आमच्या वाड्यामागचं, चिंचेच्या झाडासकट. विटी उडाली की बाबांच्या आवाजात मोजदाद ऐकू येते, तो आवाज त्यानं फोनवर गुपचूप टिपून घेतला होता. मी बघितला तेव्हा मला बोलायला सुचेना.

बाबांच्या चौऱ्याहत्तराव्या वाढदिवसाला त्यानं तो गेम त्यांना पाठवला. मी पुण्याहून फोनवर. आजोबांनी फाईल उघडली, आणि पडदा लाल. "गंभीर धोका आढळला. ट्रोजन. फाईल हटवण्यात आली आहे." खाली कवटीचं चित्र.

बाबा घाबरले. त्यांच्या लॅपटॉपवर बँकेचं सगळं असतं, पेन्शनचं असतं. त्यांनी आधी लॅपटॉपची वायर काढली, मग भाच्याला फोन लावला, आणि अत्यंत गंभीरपणे विचारलं, "काय रे, तू असले धंदे करतोस का?" पोरगं गप्प. मला रात्री फोन आला, "मामा, मी काहीच केलं नाहीये हो." आवाज रडवेला. वीस वर्षांचा मुलगा.

मी म्हटलं पाठव. जिथे एकच फाईल सत्तरच्या आसपास अँटीव्हायरसकडून तपासून मिळते त्या व्हायरसटोटलवर टाकली. नऊ जणांनी व्हायरस म्हणून सांगितलं, बाकी सगळ्यांनी काही नाही. त्या नऊ जणांनी दिलेली नावं बघण्यासारखी होती. "जेनेरिक", "सस्पिशिअस", "मशीन लर्निंग". म्हणजे गुन्ह्याचं नाव काय, तर संशय. ओळखीच्या व्हायरसच्या जातकुळीचं नाव एकानंही दिलेलं नव्हतं.

मग मी खोदायला लागलो. कारण जे सापडलं ते असं. पायथनमध्ये लिहिलेला गेम दुसऱ्याच्या मशीनवर चालावा म्हणून तो एका डब्यात बांधावा लागतो. त्यासाठी पायइन्स्टॉलर नावाचं फुकट साधन आहे आणि जगभरचे विद्यार्थी तेच वापरतात. सगळं एकाच फाईलमध्ये बांधलं तर ती फाईल चालवताना आधी स्वतःला एका तात्पुरत्या फोल्डरमध्ये उलगडते आणि मग तिथून गेम सुरू होतो. आता गंमत अशी की फुकट साधन व्हायरस लिहिणाऱ्यांनाही फुकटच असतं. तेही तेच वापरतात. त्यामुळे डब्याचं झाकण दोघांचं सारखं, आणि अँटीव्हायरस आत काय आहे ते बघायचे कष्ट न घेता झाकणावरून निकाल देतो. पोळीभाजीही स्टीलच्या डब्यातून जाते आणि बाँबही स्टीलच्या डब्यातून ठेवलेला सापडला होता, म्हणून शाळेत जाणाऱ्या प्रत्येक पोराचा डबा जप्त!

यात आणखी एक भर. हल्ली "प्रतिष्ठा" बघतात. ही फाईल जगात किती जणांकडे आहे? कोणाच्या सहीची आहे? हजारो लोकांकडे असेल तर चांगली, कोणाकडेच नसेल तर संशयित. अरे पण नवीन वस्तू पहिल्या दिवशी कोणाकडे असणार? सही हवी तर त्याचं प्रमाणपत्र विकत घ्यायचं, त्याला वर्षाकाठी दहा-वीस हजार रुपये, कधी त्याहून जास्त. वर २०२३ पासून त्या सहीची किल्ली एका वेगळ्या हार्डवेअरवरच ठेवायची सक्ती. मोठ्या कंपनीला हे चहापाणी आहे. वसतिगृहात राहणाऱ्या पोरानं काय करायचं? मेस बंद करायची?

आणि आता मला जो मुद्दा मांडायचाय तो हा. ही कडक तपासणी सगळ्यांना सारखी असती तर मी एक शब्द बोललो नसतो. पण ती तशी नाही.

२००५ साल आठवा. सोनी बीएमजीनं गाण्यांच्या सीड्यांवर एक्ससीपी नावाचा प्रोग्राम घातला होता. सीडी काँप्युटरमध्ये घालून सोबतचा प्लेअर बसवला की तो आत घुसायचा आणि ठरावीक अक्षरांनी नाव सुरू होणारी प्रत्येक फाईल विंडोजपासून लपवून टाकायचा. यालाच रूटकिट म्हणतात. मार्क रसिनोविच या तज्ज्ञानं ३१ ऑक्टोबर २००५ ला ते जगासमोर आणलं. तोपर्यंत कित्येक महिने त्या सीड्या दुकानात विकल्या जात होत्या, आणि पैसे घेऊन रखवाली करणारे वॉचमन फाटकावर उभे होते. कोणी शिट्टी वाजवली नाही. त्यात मजा बघा, वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट खेळणाऱ्या लबाडांनी हे आयतंच वापरलं. आपल्या फसवणुकीच्या प्रोग्रामचं नाव त्या अक्षरांनी सुरू केलं की गेमच्या पहारेकऱ्यालाही ते दिसेना.

बरं, तो जुना काळ म्हणून सोडून द्या. २०२२ मध्ये काय झालं? गेन्शिन इम्पॅक्ट या गाजलेल्या गेमबरोबर फसवणूक रोखण्यासाठी एक ड्रायव्हर येतो. तो विंडोजच्या गाभ्यात चालतो आणि त्यावर रीतसर सही असते. खंडणीखोरांनी तो ड्रायव्हर उचलला, ज्या मशीनवर तो गेम कधी बसवलाही नव्हता तिथे नेऊन टाकला आणि त्याच्याच मदतीनं अँटीव्हायरस बंद पाडला. ट्रेंड मायक्रोनं त्या ऑगस्टमध्ये याची माहिती प्रसिद्ध केली. म्हणजे सही असलेला आत येऊन वॉचमनचेच हातपाय बांधून जातो. आणि सही नसलेली चिंच, गल आणि आजोबांचा आवाज.. ट्रोजन!

स्वतः वॉचमन तरी धुतल्या तांदळाचे आहेत का? २००८ च्या नोव्हेंबरात एव्हीजीनं विंडोजचीच यूजर३२ ही फाईल व्हायरस ठरवली, आणि ती काढली की विंडोज उठेचना. २१ एप्रिल २०१० ला मॅकॅफीनं एक्सपीमधल्या एसव्हीसीहोस्टला तीच वागणूक दिली. १९ जुलै २०२४ ला क्राउडस्ट्राइकच्या एका चुकीच्या फाईलनं जगभरातली सुमारे ८५ लाख मशीन निळी पडली. आपल्याकडच्या विमानतळांवर त्या दिवशी हातानं लिहिलेले बोर्डिंग पास वाटत होते ते तुम्ही बघितलं असेल. चुका होतात, मान्य. पण नॉर्टननं २०२१ मध्ये आपल्या अँटीव्हायरसमध्ये इथेरियम खणायची सोय दिली, त्यातले १५ टक्के स्वतःला ठेवून, ती काय चूक होती? वापरायची की नाही ते तुमच्या हातात होतं हे खरं, पण रखवालदारानं फाटकाशी मटक्याचा स्टॉल लावल्यासारखंच ते. आणि अवास्टच्या जंपशॉट या उपकंपनीनं लोक कुठकुठल्या साइट्स बघतात ती माहिती विकली. २०२० च्या जानेवारीत ते पत्रकारांनी उघडं पाडलं, दुकान बंद झालं, आणि २०२४ मध्ये अमेरिकेच्या व्यापार आयोगानं १ कोटी ६५ लाख डॉलर भरायला लावले. गंमत म्हणजे नॉर्टन आणि अवास्ट आता एकाच कंपनीत आहेत.

आता कोणी म्हणेल, तुझा राग धंद्यावरच आहे. नाही हो. नव्वदच्या दशकात फ्लॉपीतून व्हायरस यायचे तेव्हा याच पुण्यात कॅलक्युलेटर दुरुस्त करणाऱ्या दुकानातून काटकर बंधूंनी क्विक हील उभं केलं, त्याचं मला अजूनही अप्रूप आहे. (मी ज्याच्यावर चिडलोय तो अँटीव्हायरस त्यांचा नव्हे.) वॉचमन हवाच. उगाच नको म्हणायला मी काही बावळट नाही, आणि त्याचं कारण आमच्या खालच्या मजल्यावर राहतं.

खालच्या काकांचा मुलगा तेव्हा दहावीत होता. फुटबॉलचा गेम हवा होता, विकत घ्यायला पैसे मागायची हिंमत नव्हती. कुठूनतरी फुकटातली तोडलेली प्रत उतरवली. तिच्याबरोबरच्या कागदात पहिलीच सूचना होती, "अँटीव्हायरस बंद करा, तो खोटी ओरड करतो." त्यानं बंद केला. दुसऱ्या दिवशी काकूंनी ताईच्या लग्नाचे फोटो उघडले तर एकही उघडेना. प्रत्येक फाईलच्या नावापुढे चार अनोळखी अक्षरं, आणि एक चिठ्ठी: ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिलेत तर निम्म्यात काम होईल. मला बोलावलं. मी काहीही करू शकलो नाही. चार हजारांच्या आसपास फोटो होते. काकूंनी मला चहा दिला आणि "तुझा काय दोष" म्हणाल्या, ते अजून विसरता येत नाही.

त्या पोराला मी विचारलं, अरे एवढं सरळसरळ लिहिलंय तरी संशय नाही आला? तो म्हणाला, "दादा, तो नेहमीच ओरडतो. विकत घेतलेल्या गेमलाही ओरडला होता. तेव्हा पण बंदच केला होता, काही झालं नव्हतं."

आता सांगा, लांडगा आला रे आला कोण ओरडत होतं? आणि मेंढ्या कोणाच्या गेल्या?

म्हणून मला त्या "सरळ काढून टाक रे अँटीव्हायरस" म्हणणाऱ्या शहाण्यांचाही तेवढाच राग येतो. २०२१ मध्ये क्रॅकोनॉश नावाचा प्रकार उघड झाला. तोडलेल्या गेममधून यायचा, विंडोज सेफ मोडमध्ये नेऊन अँटीव्हायरस उखडायचा आणि तुमच्या वीजबिलावर मोनेरो खणत बसायचा. दोन लाखांवर मशीन. (शोधून काढला तो अवास्टनं, श्रेय द्यायलाच हवं.) विकत किंवा अधिकृत जागेवरून घेतलं म्हणजे निर्धास्त, असंही नाही. २०२५ च्या फेब्रुवारीत खुद्द स्टीमवर पायरेटफाय नावाचा गेम आला होता, त्यात माहिती चोरणारा प्रोग्राम निघाला. ज्यांनी तो चालवला त्यांना विंडोज नव्यानं टाकायचा विचार करा असा सल्ला द्यावा लागला.

मग करायचं काय? वॉचमनला काढायचं नाही, त्याला सांगायचं की या घरचे हे चार पाहुणे रोजचे आहेत, त्यांना अडवू नकोस. प्रत्येक अँटीव्हायरसमध्ये अपवादांची यादी असते. फक्त ती अशा कोपऱ्यात लपवलेली असते की सर्वसाधारण माणूस तिथे पोचण्याआधी सगळं बंद करून मोकळा होतो. विंडोजच्या स्वतःच्या डिफेंडरमध्ये ती विंडोज सिक्युरिटी, मग व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मग मॅनेज सेटिंग्ज, आणि तिथून अगदी तळाशी एक्स्क्लूजन्स या नावानं आहे. गेम जिथे बसवलाय तेवढंच फोल्डर तिथे द्यायचं, तेही गेम उतरवून एकदा पूर्ण तपासून झाल्यावर. आख्खी डी ड्राइव्ह देऊ नका, आणि डाऊनलोड्सचं फोल्डर तर मुळीच देऊ नका. चोर आधी याच यादीच्या शोधात असतो. डिफेंडरची ही यादी २०२२ च्या सुरुवातीपर्यंत साध्या परवानगीच्या प्रोग्रामलाही वाचता येत होती. फोल्डरऐवजी नुसत्या गेमच्या प्रोग्रामला अपवाद केलंत तर आणखी बरं. मग तो प्रोग्राम ज्या फायली उघडेल त्यांना सूट मिळते, पण दुसरं कोणी त्याच फोल्डरमध्ये घुसलं तर वॉचमन जागा राहतो.

अजून एक, कारण यात मी स्वतः दोन संध्याकाळी घालवल्यात. गेम चालतो, पण सेव्ह होत नाही, असं असेल तर कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस चालू आहे का ते बघा. २०१७ मध्ये विंडोज १० मध्ये ही सोय आली. खंडणीखोरांपासून डॉक्युमेंट्स, पिक्चर्स ही फोल्डर वाचवण्यासाठी ती आहे आणि मला विचाराल तर उत्तम आहे. काकूंकडे ती असती तर कदाचित.. जाऊ दे. पण अनेक गेम आपली प्रगती डॉक्युमेंट्समध्येच लिहितात, आणि अनोळखी म्हणून त्यांना मुकाट अडवलं जातं. सोय बंद करू नका. त्यातच परवानगी असलेल्या ॲपची यादी आहे, तिथे गेमचं नाव घाला.

आणि एकाच मशीनवर दोन अँटीव्हायरस ठेवू नका हो. अजूनही ठेवतात लोक. दोन वॉचमन एकमेकांचीच झडती घेत बसतात.

हे सगळं मी सांगतोय, पण मुळात हे माझं काम आहे का? पैसे भरणाऱ्यानं दर वेळी अपवाद शोधत हिंडायचं, आणि पैसे घेणाऱ्यानं "जेनेरिक" असा शेरा मारून फाईल न विचारता हटवायची? माझी मागणी फार मोठी नाही. संशय असेल तर संशय म्हणा, ट्रोजन म्हणू नका. हटवण्याआधी विचारा. का अडवलं ते चार ओळींत, माझ्या वडिलांना कळेल असं लिहा. कवटी काढून टाका. चूक कळवायला जागा द्या आणि चूक दुरुस्त केलीत तर ज्याला चोर म्हणालात त्याला तसं कळवा. आणि नूतनीकरणाची जाहिरात धोक्याच्या लाल रंगात करणं आजच्या आज बंद करा. माणसाला लाल रंग दिसला की हात थरथरला पाहिजे. तुम्ही तो १३ दिवसांच्या सवलतीसाठी खर्च करून टाकलात.

भाच्यानं नंतर गेम एका फाईलऐवजी उघड्या फोल्डरच्या रूपात बांधला, दाबून लहान करायची सोय काढली आणि पायइन्स्टॉलरचं झाकण स्वतःच्या मशीनवर नव्यानं बनवलं. नऊचे तीन झाले. तिघांनाही आम्ही चूक झाल्याचं कळवलं. एकानं चार दिवसांत दुरुस्त केलं, एकाचं आपोआप आलेलं पत्र आहे, आणि तिसरा, म्हणजे बाबांच्या लॅपटॉपवरचाच, अजून मूग गिळून बसलाय. मी गेल्या शनिवारी सांगलीला जाऊन त्याच्या यादीत विटीदांडूचं फोल्डर घालून आलो.

बाबा सुरुवातीला हात लावेनात. "नक्की काही होणार नाही ना? पेन्शनचं आहे रे त्यात." मग शेजारी बसून मी पहिली विटी कोलली. स्वतःचाच आवाज ऐकून ते दचकले, आणि मग म्हणाले, "नालनंतर चुकलंय त्याचं. फोन लाव त्याला."